कुलूपबंद जागा आणि भाडेनियंत्रणाचा कायदा
(वार्षिक संमेलनात दिलेले व्याख्यान)



मंडळाच्या कार्यकारिणीने हा रूक्ष विषय मला नेमून दिला, त्याचे कारण आपणांपैकी पुष्कळांस ठाऊक आहे. आपल्या ज्ञातीत घरमालक आहेत, तसे भाडेकरूही आहेत. कित्येक कुटुंबांकडे तर वडिलार्जित चाळीतील हिस्सा आणि दुसऱ्या चाळीतील भाड्याची खोली ही दोन्ही आहेत. गिरगावातील वा परळमधील खोलीला कुलूप लावून बिऱ्हाड डोंबिवलीस गेले, मुले परदेशी स्थायिक झाली, भाडे मात्र दरमहा नियमाने पोहोचते, हे दृश्य सर्वत्र आढळते. अशा जागेवर कोणाचा हक्क किती, याचा विचार आज करावयाचा आहे.

प्रथम थोडा इतिहास. पहिल्या महायुद्धाच्या काळात घरांची टंचाई झाली, तेव्हा १९१८ साली मुंबईत भाड्यावर नियंत्रण घालणारा कायदा झाला. पुढे १९४७ चा कायदा आला. तो मूळचा तात्पुरता. परंतु मुदतवाढ घेत घेत त्याने अर्धशतक काढले. त्याची जागा घेणारा १९९९ चा महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा ३१ मार्च २००० पासून अमलात आहे. या सर्व कायद्यांचा हेतू एकच : ज्याला निवाऱ्याची गरज आहे, त्याला मालकाच्या लहरीवर रस्त्यावर यावे लागू नये. मात्र जेथे कोणी राहतच नाही, तेथे संरक्षण कोणाला द्यावयाचे? माणसाला की कुलपाला?

या प्रश्नाचे उत्तर कायद्यानेच दिले आहे. १९९९ च्या कायद्याच्या सोळाव्या कलमातील एका पोटकलमान्वये, ज्या कामासाठी जागा दिली त्या कामासाठी ती दाव्याच्या तारखेच्या लगतपूर्वी सलग सहा महिने, वाजवी कारणावाचून, वापरली गेली नसेल, तर मालकास ताबा मागता येतो. १९४७ च्या कायद्यातही हीच तरतूद होती.

यातील प्रत्येक शब्द वजनदार आहे. सहा महिने सलग हवेत, आणि ते दावा दाखल होण्याच्या लगतचे हवेत. पाच वर्षांपूर्वी खोली वर्षभर बंद होती, एवढ्यावर आज दावा चालत नाही. ‘ज्या कामासाठी’ हे शब्दही विसरू नयेत. राहण्यासाठी घेतलेल्या खोलीत जुने कपाट आणि भांड्यांची पेटी ठेवली, म्हणजे तेथे वास्तव्य झाले, असे म्हणता येत नाही.

भाडेकरूंचा मोठा गैरसमज असा की, भाडे वेळेवर भरले म्हणजे जागा सुरक्षित. भाड्याची थकबाकी हे वेगळे कारण आहे, न वापरणे हे वेगळे. पावत्यांची चळत पहिल्यावर उत्तर आहे, दुसऱ्यावर नव्हे. मालकाने स्वतःच्या गरजेसाठी जागा मागितली, तर कोणाची अडचण अधिक हे न्यायालयास तोलून पाहावे लागते. न वापरण्याच्या कारणास ती तुलना लागू नाही.

तथापि मालकाचे कामही सोपे नाही. जागा बंद होती हे प्रथम त्याने सिद्ध करावयाचे. विजेच्या देयकांतील युनिटे, मतदारयादी, शिधापत्रिका, परत गेलेले टपाल, शेजाऱ्यांची साक्ष, यांवरून चित्र उभे राहते. ते उभे राहिले की वाजवी कारण सांगण्याची पाळी भाडेकरूची. दीर्घ आजारपण, तात्पुरती बदली, इमारतीची दुरुस्ती, २०२० च्या टाळेबंदीसारखे संकट ही कारणे विचारात घेण्याजोगी आहेत. पण कारणाला कागदाचा आधार हवा, आणि परत येण्याचा इरादा कृतीत दिसावयास हवा. दुसरीकडे कायमचे घर थाटून ‘पुनर्विकास होईल तेव्हा पाहू’ म्हणून खोली अडवून ठेवणे, हे वाजवी कारण कसे ठरेल?

काही जण कुलूप दिसू नये म्हणून खोली परक्या माणसास देतात. हा उपाय रोगाहून घातक आहे; मालकाच्या संमतीवाचून पोटभाडेकरू ठेवणे हेही ताबा जाण्याचे स्वतंत्र कारण आहे.

मालकवर्गासही दोन शब्द. जागा बंद दिसली म्हणून कुलूप तोडू नये, वीज-पाणी तोडू नये. बेकायदा बाहेर काढलेल्या भाडेकरूस १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या सहाव्या कलमान्वये सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मिळविता येतो, आणि त्या दाव्यात मालकी पुढे करून भागत नाही. मुंबईत मार्ग आहे तो लघुवाद न्यायालयाचा. तेथील निकालावर तीस दिवसांत अपील होते, पुढे उच्च न्यायालय आहेच. आजोबांनी लावलेला दावा नातवाने चालवावा, अशी वेळ येते ती यामुळेच.

म्हणून माझी विनंती अशी. भाडेकरू बंधूंनी मूळ भाडेकरूच्या निधनानंतर पावती वेळीच योग्य वारसाच्या नावे करून घ्यावी. त्या समयी सोबत राहणाऱ्या कुटुंबीयाचा हक्क कायद्याने प्रथम मानला आहे. गरज खरोखर संपली असेल, तर मालकाशी बोलून योग्य मोबदल्यात जागा परत करावी. मालकांनीही तो मोबदला देताना हात आखडू नये. पिढ्यान्‌पिढ्या ज्यांनी ती चाळ नांदती ठेवली, त्यांचे तेवढे देणे लागतेच. तडजोड तोंडी ठेवू नये. ती लेखी करावी, आणि दावा चालू असल्यास न्यायालयात दाखल करावी.

आपल्याच ज्ञातीतील एखादे होतकरू जोडपे जागेअभावी लग्न लांबणीवर टाकते, आणि त्याच गल्लीत दहा खोल्या वाळवीच्या स्वाधीन असतात. ही विसंगती दूर करणे कायद्याच्या आधी आपल्या विवेकाचे काम आहे. मंडळातील वडीलधाऱ्यांनी अशा तंट्यांत मध्यस्थी करावी, एवढी सूचना.