भट्टीपाशी उभी माणसं

बेर्ट हान्स्त्रा या डच दिग्दर्शकाचा ‘ग्लास’ हा लघुपट 1958 सालचा. लांबी सुमारे 11 मिनिटं. नेदरलँड्समधल्या लेअरदाम गावच्या काच कारखान्याला स्वतःची माहिती देणारा चित्रपट हवा होता. हान्स्त्रानं तो करून दिलाच, पण त्याच्या जोडीनं ‘ग्लास’ही केला. याला निवेदक नाही, संवाद नाहीत. पुढं सर्वोत्कृष्ट लघुमाहितीपटाचं ऑस्कर यालाच मिळालं.

पडद्यावर लोखंडी नळीच्या टोकाला वितळलेल्या काचेचा लालभडक गोळा. नळी सतत फिरती ठेवायची, कारण ती थांबली की मऊ काच आपल्याच वजनानं ओघळते. हात नळी फिरवताहेत, नजर टोकावर, आणि तोंडानं फुंकर चाललेली. कुणाचे गाल टम्म फुगतात, कुणाचे जेमतेम हलतात. सोबत पिम जेकब्सचं जॅझ संगीत असं वाजतं, की ही माणसं काच नव्हे, सनईच फुंकताहेत!

मग यंत्रानं होणाऱ्या बाटल्या येतात. मान तुटलेली एक बाटली अडकते, मागच्या तिच्यावर आदळून फुटत राहतात, आणि शेवटी माणसाचाच हात ती काढतो. लोक याच प्रसंगाचं कौतुक करतात. मला तो जरा रचलेला वाटतो. माझं मन त्या फुगलेल्या गालांपाशीच रेंगाळतं.

कारण कामावर गेलेला पुरुष घरच्यांना दिसतच नाही. त्याचा पगार दिसतो, थकवा दिसतो, चिडचिडही दिसते. दिवसभर ज्या सफाईनं त्याचे हात चालले, ती बायकोमुलांनी कधी पाहिलेली नसते. तोही घरी येऊन ती सांगत नाही. पडद्यावर आपण पुरुषाला मारामारी करताना, भाषण ठोकताना पुष्कळ पाहिलं. मन लावून काम करताना फार थोडं.

आपल्याकडंही तळेगावला पैसा फंडाच्या लोकवर्गणीतून उभारलेला काच कारखाना होता, ओगलेवाडीच्या काच कारखान्यातला प्रभाकर कंदील घरोघरी होता. त्या भट्ट्यांपुढं उभ्या राहिलेल्या माणसांचे चेहरे मला पाहायचे होते. आज इचलकरंजीत मागावर उभे असलेले कामगार आहेत, पुण्याच्या गुलटेकडी बाजारात पोती उचलणारे हमाल आहेत. आपल्या तरुण दिग्दर्शकांनी त्यांच्याजवळ जावं, निवेदन बाजूला ठेवावं आणि त्यांचे हात नीट दिसतील इतका वेळ कॅमेरा तिथं थांबवावा, ही माझी मनापासून विनंती आहे.