आरक्षणाआधीचं वसतिगृह
(रेडिओवरील भाषण)



उद्या 26 जून. राजर्षी शाहू छत्रपतींची जयंती. महाराष्ट्रात हा दिवस सामाजिक न्याय दिन म्हणून पाळला जातो. गावोगावी समता दिंड्या निघतील, भाषणं होतील आणि त्या भाषणांत 1902 सालचा कोल्हापूरचा जाहीरनामा हमखास येईल. यायलाच हवा. 26 जुलै 1902 रोजी, महाराज विलायतेत असताना, करवीर सरकारच्या गॅझेटमध्ये तो छापून आला. यापुढे रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी निम्म्या जागा मागासलेल्या वर्गांतल्या लोकांना द्याव्यात, असा तो हुकूम. मागासलेले कोण, तर ब्राह्मण, प्रभू, शेणवी, पारशी आणि असेच पुढारलेले वर्ग सोडून बाकी सारे.

1894 साली महाराज गादीवर आले तेव्हा संस्थानच्या सामान्य प्रशासनातल्या 71 जागांपैकी 60 जागांवर ब्राह्मण अधिकारी होते. 1912 साली 95 जागांपैकी 35 वर ते उरले. अठरा वर्षांत एवढा पालट नुसत्या हुकमाने झाला का? मला आज बोलायचं आहे ते याविषयी.

जाहीरनाम्याच्या आदल्या वर्षी, म्हणजे 1901 साली, कोल्हापुरात व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंग निघालं. त्याच वर्षी जैन बोर्डिंग निघालं. पुढे मुसलमान विद्यार्थ्यांसाठी, लिंगायतांसाठी, शिंप्यांसाठी, दैवज्ञांसाठी अशी एकामागून एक वसतिगृहं उभी राहिली. 1908 साली अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग सुरू झालं. जागा राखून ठेवायची तर त्या जागेवर बसण्याइतका शिकलेला माणूस हवा. तो शिकायचा तर त्याने खेडं सोडून शहरात राहायला हवं. आणि त्या काळच्या कोल्हापुरात महाराच्या, मांगाच्या पोराला भाड्याने खोली कोण देणार होतं? महाराजांनी नोकरीच्या आधी निवाऱ्याची सोय पाहिली. 1917 साली सक्तीच्या मोफत प्राथमिक शिक्षणाचा कायदा केला, 1919 साली अस्पृश्यांच्या वेगळ्या शाळा बंद करून त्यांच्या मुलांना सगळ्यांच्या शाळेत बसवलं. हुकूम, शाळा आणि वसतिगृह हे सारं एकाच धोरणाचं अंग होतं.

हाच क्रम पुढेही दिसतो. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1924 साली बहिष्कृत हितकारिणी सभा स्थापन केली, आणि सभेने हाती घेतलेल्या पहिल्या कामांपैकी एक होतं सोलापूरचं वसतिगृह. ते 1925च्या जानेवारीत सुरू झालं. साताऱ्यात भाऊराव पाटलांनी सगळ्या जातींच्या मुलांना एका पंगतीला बसवणारं वसतिगृह चालवलं आणि पुढे त्याला शाहूंचंच नाव दिलं. संविधानाच्या सोळाव्या अनुच्छेदाने नोकरीतल्या राखीव जागांना आधार दिला 1950 साली. त्याच साली औरंगाबादेत बाबासाहेबांचं महाविद्यालयही सुरू झालं होतं.

या साऱ्याचं फळ आपण पाहिलं आहे. ज्या घरात तीन पिढ्यांपूर्वी पाटी नव्हती, त्या घरात आज प्राध्यापक आहेत, अभियंते आहेत, तहसीलदार आहेत. दलित साहित्य ज्या पिढीने लिहिलं, तिच्यातले कितीतरी जण अशाच शिष्यवृत्तीवर आणि वसतिगृहाच्या जेवणावर शिकले. आरक्षणाने गुणवत्ता बुडाली, अशी ओरड नेहमी ऐकू येते. अश्विनी देशपांडे आणि थॉमस वाइसकॉफ या अर्थशास्त्रज्ञांनी भारतीय रेल्वेचा या दृष्टीने अभ्यास केला. राखीव जागांमुळे रेल्वेची उत्पादकता घटल्याचा कोणताही पुरावा त्यांना सापडला नाही. उलट जिथे आरक्षण नाही तिथे काय होतं, हे सुखदेव थोरात आणि पॉल अ‍ॅटवेल यांनी 2007 साली दाखवलं. खासगी कंपन्यांच्या जाहिरातींना सारख्याच पात्रतेचे अर्ज पाठवले, फरक फक्त आडनावाचा. दलित आडनावाच्या अर्जांना मुलाखतीची बोलावणी कमी आली.

तेव्हा आरक्षण हवं की नको, हा माझ्या मते आजचा प्रश्न नाही. प्रश्न असा की ते कुणापर्यंत पोचलं आणि कुठे अडलं.

इतर मागासवर्गांतल्या विषमतेचा विचार करायला केंद्र सरकारने 2017 साली न्यायमूर्ती जी. रोहिणी यांचा आयोग नेमला. आयोगाने केंद्राच्या नोकऱ्या आणि उच्च शिक्षण संस्थांतले प्रवेश तपासले, तेव्हा या वर्गाच्या वाट्याच्या 97 टक्के जागा यादीतल्या जेमतेम पाव जातींना मिळालेल्या दिसल्या. 983 समाजांच्या वाट्याला एकही जागा आलेली नव्हती. म्हणजे यादीत नाव आहे, पण पंगतीत पान नाही.

असं का होतं? उत्तरासाठी जूनमधल्या एखाद्या जात पडताळणी समितीच्या कार्यालयाबाहेर तासभर उभं राहावं. मुलगा बारावी झालेला असतो, अभियांत्रिकीला नंबर लागायची शक्यता असते. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत फाइल. फाइलमध्ये स्वतःचा शाळा सोडल्याचा दाखला, वडिलांचा दाखला, वंशावळीचं प्रतिज्ञापत्र, आणि सगळ्यात महत्त्वाचा, आजोबा-पणजोबांच्या काळातला पुरावा. प्रत्येक प्रवर्गासाठी एक मानीव दिनांक ठरलेला आहे. अनुसूचित जातींसाठी 10 ऑगस्ट 1950, अनुसूचित जमातींसाठी 6 सप्टेंबर 1950, विमुक्त जाती आणि भटक्या जमातींसाठी 21 नोव्हेंबर 1961, इतर मागासवर्गासाठी 13 ऑक्टोबर 1967. त्या तारखेआधीची जातीची नि वास्तव्याची नोंद दाखवायची. शाळेचं जुनं रजिस्टर, गाव नमुना चौदा, कोतवाल बुकाची नक्कल, जे मिळेल ते.

खोटे दाखले काढून राखीव जागा लाटणारे निघाले, म्हणून ही तपासणी आली. ती नको असं कुणी म्हणणार नाही. पण ती चालते कशी, ते पाहा. ज्याचे आजोबा त्या तारखेआधी चौथी शिकले, त्याच्या घरी पुरावा आहे. ज्याच्या वडिलांकडच्या रक्तनात्यात कुणाला आधीच वैधता प्रमाणपत्र मिळालं आहे, त्याचं काम आणखी सोपं. आणि ज्याचे आजोबा गाढवावर बिऱ्हाड टाकून गावोगाव हिंडत होते, त्याचं काय? पालात जन्मलेल्या माणसाचं नाव शाळेच्या रजिस्टरात कुठून येणार?

पारधी, कैकाडी, भामटा अशा जमातींना इंग्रज सरकारने गुन्हेगार जमातींच्या कायद्याने जन्मतः गुन्हेगार ठरवलं होतं. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये तारेच्या कुंपणात माणसं ठेवली जात. त्यांच्या नोंदी तेव्हा सरकारदरबारी होत्या, पण त्या सक्तीच्या हजेरीच्या वहीत. (कोल्हापूर संस्थानात ही हजेरी शाहू महाराजांनी 1918 साली बंद केली, देशभरातून हा कायदा गेला तो 31 ऑगस्ट 1952 ला.) त्या जमातींची नातवंडं आज समितीपुढे उभी राहतात तेव्हा त्यांच्याकडे सातबारा नसतो, आजोबांचा दाखला नसतो. कागदांनी समितीचं समाधान झालं नाही की प्रकरण दक्षता पथकाकडे जातं, आणि पथक चौकशीला घरी येतं. घर मात्र चार महिन्यांपूर्वी साखर कारखान्याच्या फडाजवळ होतं, आता दुसऱ्या तालुक्यात आहे. राज्यात विमुक्त जातींना 3 टक्के आणि भटक्या जमातींच्या ‘ब’ गटाला अडीच टक्के जागा आहेत. त्या जागांसाठी लागणारा पुरावा मात्र ज्यांची एक पिढी आधीच शाळेत जाऊन आली आहे, त्यांच्याकडेच सापडतो. मागासलेपण जितकं खोल, तितका पुरावा दुर्मीळ.

आणि समजा, प्रमाणपत्र मिळालं. प्रवेशही मिळाला. आता राहायचं कुठे? शासकीय वसतिगृहाच्या यादीत नाव नाही. अशा अनुसूचित जातीच्या विद्यार्थ्यांसाठी राज्याने स्वाधार योजना काढली. पुण्या-मुंबईसारख्या शहरात वर्षाला 60,000 रुपये, जेवण, खोली, वरखर्च धरून. महिन्याचे झाले पाच हजार. पुण्यात कॉट बेसिसवर जागा घेतली आणि दोन वेळचा डबा लावला की काय उरतं, ते ज्यांची मुलं तिथे शिकतात त्यांना मी सांगायला नको. हे पैसे वर्षाच्या सुरुवातीला हातात पडले तर गोष्ट वेगळी. घरमालक मात्र अनामत पहिल्याच दिवशी मागतो.

सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने 1 ऑगस्ट 2024 रोजी अनुसूचित जातींमध्ये उपवर्गीकरण करण्याची मुभा राज्यांना दिली. त्यावर मतं दोन्ही बाजूंनी आहेत. काहींना त्यात शेवटच्या माणसाला मिळणारा न्याय दिसतो, काहींना समाज फोडण्याचा डाव. मला एवढंच म्हणायचं आहे की नुसते कप्पे पाडून भागणार नाही. ज्या समाजात दहावीपर्यंत पोचणारी मुलंच मोजकी आहेत, त्याच्यासाठी वेगळा टक्का राखला तरी उमेदवार कुठून आणणार? उपवर्ग करायचेच असतील तर आश्रमशाळेपासून, वसतिगृहाच्या खाटेपासून करावे लागतील. टक्क्यासाठी मोर्चे निघतात, उपोषणं होतात. वसतिगृहात वॉर्डन नाही, मुलींच्या इमारतीला संरक्षक भिंत नाही, मेसचं बिल थकलं म्हणून जेवण बंद झालं, यासाठी राज्य हलल्याचं मला आठवत नाही.

1902च्या जाहीरनाम्यात एक कलम आहे, त्याचा उल्लेख क्वचित होतो. हुकमानंतर झालेल्या नेमणुकांचा तक्ता दर तिमाहीला प्रत्येक खातेप्रमुखाने सादर करावा, असं त्यात म्हटलं होतं. महाराजांना ठाऊक होतं की मोजदाद नसली तर हुकूम दप्तरात पडून राहतो.

उद्याच्या सामाजिक न्याय दिनी प्रत्येक जिल्ह्याने असा एक तक्ता लोकांपुढे वाचावा. जिल्ह्यात वसतिगृहाच्या मंजूर खाटा किती, अर्ज किती आले, किती मुलं परत गेली. जात पडताळणीची किती प्रकरणं सहा महिन्यांहून जास्त पडून आहेत आणि ती कोणत्या समाजांची आहेत. शिष्यवृत्तीचे पैसे कोणत्या महिन्यात खात्यावर जमा झाले. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, न्यायालयाचा निकाल लागत नाही. हे आकडे कार्यालयांकडे आहेतच, आपण ते मागायचे आहेत. आणि ज्यांच्या घरात आरक्षणातून पहिली नोकरी आली, त्यांनी ते सगळ्यांत आधी मागावेत.