गीतेचीं इंग्रजी भाषांतरें आणि मराठी घर



जुने धर्मग्रंथ आणि नीतिग्रंथ इंग्रजींत नेण्याचा उद्योग आपल्या देशांत सुमारें दोनशें चाळीस वर्षें चालू आहे. तो कोणासाठीं, हा प्रश्न मात्र सहसा विचारला जात नाहीं. भाषांतर म्हटलें कीं तें परक्यासाठीं असावयाचें, असें सर्वजण गृहीत धरतात. परंतु आज रत्नागिरीपासून मुंबईपर्यंत कितीतरी सुशिक्षित घरांत असें दिसतें कीं, आजोबांच्या कपाटांत ‘गीतारहस्य’ आहे, आणि नातू गीता वाचतो ती इंग्रजींत. पाहुण्यासाठीं काढलेल्या दारानें घरचेंच मूल आंत येत आहे. यांत हंसण्यासारखें कांहीं नाहीं, रडण्यासारखेंहि नाहीं. पण हें दार कोणीं काढलें आणि त्यांतून आंत शिरतांना कोठें डोकें आपटण्याचा संभव आहे, हें घरांतील वडील माणसांस ठाऊक असावें.

गीता इंग्रजींत प्रथम गेली ती १७८५ सालीं. चार्ल्स विल्किन्स या ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरानें काशीस राहून संस्कृताचा अभ्यास केला व हें भाषांतर सिद्ध केलें. त्याला वॉरन हेस्टिंग्ज यानें पत्ररूप प्रस्तावना जोडली. हिंदुस्थानांतील इंग्रजांचें राज्य लयास गेल्यावरहि असे ग्रंथ टिकून राहतील, अशा आशयाचें भाकित त्या पत्रांत आहे. राज्यकर्त्याच्या लेखणींतून इतकें खरें विधान क्वचितच उतरतें.

मराठी माणूस या कामांत शिरला तो नव्वद वर्षांनीं, आणि शिरला तो भांडण घेऊन. लोरिन्सर नांवाच्या जर्मन पंडितानें १८६९ सालीं गीतेचें भाषांतर प्रसिद्ध करून असा पक्ष मांडला होता कीं, गीतेंतील बरेच विचार ख्रिस्ती लोकांच्या नव्या करारांतून उचललेले आहेत. मुंबईच्या काशिनाथ त्र्यंबक तेलंगांनीं १८७५ सालीं, ऐन पंचविशींत, गीतेचें इंग्रजी पद्यमय भाषांतर काढून त्याच्या प्रस्तावनेंत हा पक्ष खोडून काढला. पुढें मॅक्स म्युल्लर यांच्या ‘सेक्रेड बुक्स ऑफ दि ईस्ट’ या मालेचा आठवा खंड तेलंगांकडे आला, आणि १८८२ सालीं त्यांत गीता, सनत्सुजातीय व अनुगीता यांचीं गद्य भाषांतरें प्रसिद्ध झालीं. तेलंग १८८९ सालीं हायकोर्टाचे न्यायाधीश झाले आणि १८९३ सालीं, वयाच्या अवघ्या त्रेचाळिसाव्या वर्षीं वारले. त्यांचें इंग्रजी कोर्टाच्या निवाड्यासारखें आहे. नटवेपणा नाहीं, मुळांत नसलेला शब्द अर्थपूर्तीसाठीं घालावा लागला तर तो कंसांत घातलेला. भाषांतरकारानें आपली भर अशी उघडी ठेवणें हा प्रामाणिकपणा आजहि दुर्मिळच आहे. याच गृहस्थांनीं लेसिंग या जर्मन नाटककाराचें परधर्मसहिष्णुतेवरील ‘नेथन’ नाटक मराठींत आणलें, हें विसरूं नये.

तेलंगांच्या खंडानंतर तीनच वर्षांनीं, १८८५ सालीं, एडविन आर्नोल्ड यांचें ‘साँग सिलेश्चल’ निघालें. आर्नोल्ड हे पूर्वीं पुण्याच्या सरकारी संस्कृत कॉलेजचे प्राचार्य होते. हें भाषांतर कवीचें आहे. कानाला गोड, आणि अर्थाच्या बाबतींत थोडें सैल. पण बॅरिस्टरीचा अभ्यास करणाऱ्या मोहनदास गांधींना लंडनमध्यें गीता प्रथम भेटली ती याच पुस्तकांत. थिऑसफिस्ट पंथाचे दोन भाऊ त्यांच्याकडे आले, तेव्हां आपण ही मुळांत वाचलेली नाहीं, गुजराथींतहि वाचलेली नाहीं, याची त्यांना लाज वाटली. परक्यासाठीं केलेल्या भाषांतरानें घरच्या मुलाला घरीं परत आणल्याचें यापेक्षां ठळक उदाहरण सांपडणें कठीण. आजच्या नातवाला नांवें ठेवणाऱ्यांनीं तें ध्यानांत ठेवावें.

आतां रत्नागिरीकडे वळूं. लोकमान्य टिळक येथें २३ जुलै १८५६ रोजीं जन्मले. वडील गंगाधरपंत शाळेंत शिक्षक. १८७२ सालीं गंगाधरपंत पुण्यास शेवटच्या दुखण्यांत पडले असतां सोळा वर्षांच्या बाळनें त्यांना गीतेवरील ‘भाषाविवृति’ नांवाची प्राकृत टीका वाचून दाखविली. गीतेशीं आपला परिचय तेथपासूनचा, असें टिळकांनीं स्वतः प्रस्तावनेंत नमूद केलें आहे. म्हणजे त्यांच्याहि हातीं प्रथम मूळ आलें नाहीं, देशी भाषेंतील टीका आली. पुढें त्यांनीं वेदांच्या प्राचीनतेवर दोन ग्रंथ लिहिले, ‘ओरायन’ १८९३ सालीं आणि ‘आर्क्टिक होम इन् दि वेदाज’ १९०३ सालीं. दोन्ही इंग्रजींत, कारण तो वाद युरोपांतील पंडितांशीं होता. परंतु मनुष्यानें संसारांत कसें वागावें, या विषयाला हात घालतांना त्यांनीं इंग्रजी बाजूस ठेविली. मंडालेच्या तुरुंगांत १९१०-११ च्या हिवाळ्यांत पेन्सिलीनें लिहिलेलें ‘गीतारहस्य अथवा कर्मयोगशास्त्र’ मराठींत आहे; तें १९१५ सालीं छापून निघालें. ज्याला हजारों मैलांवर ऐकूं जाईल असें इंग्रजी लिहितां येत होतें, त्यानें आधीं घरच्यांशीं बोलावयाचें ठरविलें.

योगायोग असा कीं, ज्या मंडालेच्या किल्ल्यांत हा रत्नागिरीचा सुपुत्र बंदिवान होता, त्या किल्ल्याचा शेवटचा राजा थिबा त्याच वेळीं रत्नागिरींत बंदिवान होता. १८८६ सालीं आला तो १९१६ सालीं मरेपर्यंत. थिबा गादीवर येण्यापूर्वीं भिक्षु असून पाली धर्मग्रंथांची परीक्षा उत्तीर्ण झालेला होता, आणि त्याच्या बापानें सारें त्रिपिटक ७२९ संगमरवरी शिळांवर कोरविलें होतें. त्या काळीं येथील कोणा पदवीधरानें धम्मपद वाचलें असेल तर तें बहुधा मॅक्स म्युल्लर यांच्या १८८१ सालच्या इंग्रजी भाषांतरांतून. पाली पढलेला राजा मात्र गांवांतच राहत होता.

‘गीतारहस्या’चें इंग्रजी भाषांतर भालचंद्र सीताराम सुकथनकर यांनीं केलें. त्याचे दोन भाग १९३५ व १९३६ सालीं, म्हणजे टिळकांच्या मृत्यूनंतर पंधरा-सोळा वर्षांनीं पुण्यास प्रसिद्ध झाले. या कामाची अडचण वेगळीच होती. मिल्ल, स्पेन्सर, ग्रीन यांचे ग्रंथ टिळकांनीं इंग्रजींत वाचले होते. कांटचें नीतिशास्त्रहि त्यांच्यापुढें इंग्रजी भाषांतराच्या रूपानें होतें. या सर्वांना मराठींत आणतांना त्यांनीं आपल्या शास्त्रांतील शब्द वापरले. बेंथम व मिल्ल यांच्या उपयुक्ततेच्या तत्त्वाला त्यांनीं ‘आधिभौतिक सुखवाद’ या प्रकरणांत बसविलें. तेंच प्रकरण सुकथनकरांच्या हातून इंग्रजींत परतलें तेव्हां त्याचें नांव झालें ‘मटीरिअलिस्टिक थिअरी ऑफ हॅपिनेस’. स्वतः मिल्लला आपलें घर ओळखण्यास थोडा वेळ लागला असता! पण हा भाषांतरकाराचा दोष नव्हे. नांव ठेवणें हाच टिळकांचा निकाल होता. सुखाची मोजणी बाहेरच्या वस्तूंनीं करणारा विचार म्हणून त्यांनीं त्याला ‘आधिभौतिक’ म्हटलें. सुकथनकरांनीं तेथें मिल्लचा प्रचलित शब्द परत घातला असता तर तो निकालच पुसला गेला असता. उलट ‘कर्मयोगा’साठीं त्यांनीं योजलेला ‘एनर्जिझम’ हा शब्द आज ओढूनताणून आणलेला वाटतो. तो वाचून विजेच्या कारखान्याची आठवण झाली तर वाचकाला दोष देतां येणार नाहीं.

गीतेचें दुसरें मराठी पुस्तकहि तुरुंगांतच जन्मलें. १९३२ सालीं धुळ्याच्या तुरुंगांत विनोबांनीं गीतेच्या अठरा अध्यायांवर अठरा प्रवचनें केलीं आणि साने गुरुजींनीं तीं उतरून घेतलीं. साने गुरुजी रत्नागिरी जिल्ह्यांतील पालगडचे. त्यांच्या हाताला हा वेग नसता तर तीं प्रवचनें तुरुंगाच्या भिंतींतच विरलीं असतीं. पुढें तीं इंग्रजींतहि गेलीं. विनोबांची ‘गीताई’ तर आईला संस्कृत समजत नाहीं आणि जुनें समश्लोकी मराठीहि जड जातें, या घरगुती अडचणींतून उगवलेली. वडिलांच्या उशाशीं वाचलेली टीका आणि आईसाठीं रचलेले श्लोक यांपुढें विल्किन्सचा पंडिती उद्योग फार दूरचा वाटतो.

मग नातवानें इंग्रजी गीता वाचावी कीं नाहीं? वाचावी, पण एकच भाषांतर धरून बसूं नये. मूळ श्लोकांतील शब्द अनेक अर्थ पोटांत घेऊन उभा असतो. भाषांतरकाराला त्यांतील एक निवडावा लागतो, आणि वाचणाऱ्याला वाटतें कीं तेवढाच अर्थ आहे. तेलंगांनीं दुसऱ्या अध्यायांतील ‘योग’ या शब्दाला ‘डिव्होशन’ म्हटलें आहे. तो शब्द वाचणाऱ्या मुलाच्या मनांत टाळ-मृदंग वाजूं लागतात. त्याच श्लोकांतील योग म्हणजे कर्म करण्याची समबुद्धीची युक्ति, या अर्थावर टिळकांचा सबंध ग्रंथ उभा आहे. एका इंग्रजी शब्दानें दोघां मराठी विद्वानांच्या मध्यें भिंत घातली आहे, आणि इंग्रजीच वाचणाऱ्याला ती दिसत नाहीं.

‘धर्म’ या शब्दाची गोष्ट याहून अवघड. तेलंग त्याला ‘ड्यूटी’ म्हणतात. तिसऱ्या अध्यायांत स्वतःचा धर्म उणा असला तरी परक्याच्या धर्माहून बरा, असें जेथें सांगितलें आहे, तेथें ‘ड्यूटी’ शोभते. पण अठराव्या अध्यायाच्या सहासष्टाव्या श्लोकांत सर्व धर्म टाकून देण्यास सांगितलें आहे, तेथेंहि तेलंगांचा शब्द तोच. सतरा अध्याय कर्तव्य कर, कर्तव्य कर म्हणून कानीं कपाळीं ओरडणारे भगवान् शेवटीं सर्व कर्तव्यें सोडावयास सांगतात काय, असें हुशार मूल विचारील. आणि त्यानें तें विचारावेंच. आर्नोल्ड यांना ही अडचण जाणवली असावी. ते तेथें कर्मकांड आणि लिहून ठेवलेलीं कर्तव्यें असा अर्थ घेतात. टिळकांच्या मतें तेथील धर्म म्हणजे ईश्वरप्राप्तीसाठीं शास्त्रांनीं सांगितलेले निरनिराळे मार्ग. तीन उत्तरें झालीं. शंकराचार्यांचें आणखी वेगळें आहे. वर्गांत असा प्रश्न निघाला तर मास्तरांचा तास सार्थकीं लागतो. घरांत निघाला तर त्याला ‘मोठा झालास म्हणजे समजेल’ असें उत्तर मिळतें, आणि मूल पुस्तक मिटून ठेवतें.

सोय आतां पूर्वीपेक्षां पुष्कळ आहे. तेलंगांचा खंड संगणकाच्या पडद्यावर विनामूल्य वाचावयास मिळतो, आर्नोल्डहि मिळतात. ‘गीताई’ स्वस्त आहे. ‘गीतारहस्य’ बहुतेक जुन्या कपाटांत आहेच. पहिल्या अध्यायांतील शंखांच्या आणि योद्ध्यांच्या नांवांनीं मुलें कंटाळतात, म्हणून आरंभ तिसऱ्या अध्यायापासून करावा. त्यांत श्लोक ४३ आहेत. रोज रात्रीं एक घ्यावा. नातवानें तेलंगांचें इंग्रजी मोठ्यानें वाचावें, आजीनें ‘गीताई’ म्हणावी, आणि दोहोंचा मेळ बसला नाहीं त्या दिवशीं कपाट उघडावें. दीड महिन्यांत अध्याय पुरा होतो.