दगडातले पान

मुलांनो, आज मी तुम्हांला एका पानाची हकिकत सांगणार आहे. हे पान झाडावर नाही, दगडात आहे. इंग्लंडमधील लंडन शहरात 'नॅचरल हिस्टरी म्यूझियम' नावाचे मोठे संग्रहालय आहे. तेथे हा दगड जपून ठेवला आहे. तो आला आहे पृथ्वीच्या दक्षिण टोकाकडून, अंटार्क्टिका खंडातून.

अंटार्क्टिका म्हणजे बर्फाचे राज्य. तेथे आज औषधालासुद्धा झाड सापडायचे नाही. मग तेथल्या दगडात पान कोठून आले?

१९१० साली कॅप्टन रॉबर्ट स्कॉट यांची तुकडी ब्रिटनमधून दक्षिण ध्रुवाच्या शोधात निघाली. १७ जानेवारी १९१२ रोजी स्कॉट आणि त्यांचे चार साथीदार ध्रुवावर पोचले. पण नॉर्वेचे आमुंडसेन महिनाभर आधीच तेथे येऊन गेले होते! सगळे फार निराश झाले. थकलेल्या पायांनी ते परत फिरले.

वाटेत एका डोंगराच्या उघड्या कड्याजवळ ते थांबले. डॉक्टर एडवर्ड विल्सन यांना दगडांत कोळशाचे थर दिसले. काही दगडांवर पानांचे ठसे होते. अगदी शिरांसकट! विल्सन यांनी ते दगड गोळा केले. वजन भरले सुमारे १६ किलो. बर्फावरची ती गाडी ओढायला कुत्री नव्हती की घोडे नव्हते. माणसेच ती ओढत होती.

पुढे वादळे सुरू झाली. अन्न कमी पडले. दोघे साथीदार वाटेतच दगावले. ओझे हलके करण्यासाठी उरलेल्या तिघांनी कॅमेरासुद्धा टाकून दिला. पण विल्सन यांच्या आग्रहावरून दगड मात्र टाकले नाहीत. मार्चच्या अखेरीस त्या तिघांनी तंबूतच प्राण सोडले. पुढचा अन्नसाठा तेथून फक्त २० किलोमीटरवर होता. नोव्हेंबरमध्ये शोधपथकाला तो तंबू सापडला, आणि ते दगडही सापडले.

तुम्ही म्हणाल, दगडांत एवढे काय होते?

केंब्रिजचे प्राध्यापक सेवर्ड यांनी ते दगड तपासले. १९१४ साली त्यांनी आपला अहवाल छापला. ते पान 'ग्लॉसोप्टेरिस' नावाच्या झाडाचे होते. पान जिभेच्या आकाराचे, म्हणून हे नाव. त्याच्या जातीचे नाव होते 'इंडिका', म्हणजे भारतातली!

हे पान आपल्या मातीतही सापडले होते. नागपुरात राहणारे पाद्री स्टीफन हिस्लॉप यांना दगड गोळा करण्याचा छंद होता. नागपूर-कामठीच्या परिसरातील दगडांत त्यांना अशीच पाने आढळली. १८६१ साली त्यांची माहिती छापून आली. आपल्या चंद्रपूरचा दगडी कोळसाही त्याच काळातल्या झाडांपासून बनला आहे.

नागपूर कोठे आणि दक्षिण ध्रुव कोठे! मध्ये एवढा अथांग समुद्र. या झाडाचे बी वाऱ्यावर उडत समुद्र ओलांडणे शक्य नव्हते. म्हणजे पंचवीस कोटी वर्षांहूनही आधी ही जमीन एकच होती. त्या विशाल भूखंडाला शास्त्रज्ञ 'गोंडवन' म्हणतात. आपल्या गोंड लोकांच्या मुलखावरून हे नाव पडले. पुढे तो भूखंड तुटला. भारत हळूहळू उत्तरेकडे सरकला. अंटार्क्टिका दक्षिणेलाच राहिले आणि कालांतराने गोठून गेले. विल्सन यांच्या दगडांनी या गोष्टीला मोठा पुरावा दिला.

मग आज तेथे काहीच उगवत नाही का? उगवते! फुले येणाऱ्या वनस्पती मात्र दोनच. एक बारीक पात्यांचे गवत, आणि दुसरी जमिनीला उशीसारखी बिलगून वाढणारी वनस्पती. बाकी शेवाळ आणि दगडफूल. होय, दगडफूलच! आई मसाल्यात घालते त्या दगडफुलाचे हे भाऊबंद.

तेथले शेवाळ तर फार चिवट. सिग्नी बेटावर दीड हजार वर्षांहून अधिक काळ गोठून पडलेले शेवाळ ब्रिटनच्या शास्त्रज्ञांनी प्रयोगशाळेत आणले. त्याला ऊब आणि उजेड दिला. काही आठवड्यांत त्याला हिरवे कोंब फुटले! २०१४ साली त्यांनी हे जगाला सांगितले.

पण एक काळजीची गोष्ट आहे. अंटार्क्टिकाच्या उत्तरेकडील द्वीपकल्पावर १९८६ साली एक चौरस किलोमीटरहूनही कमी जागेत हिरवळ होती. २०२१ साली ती सुमारे बारा चौरस किलोमीटर झाली. उपग्रहाच्या छायाचित्रांवरून हे कळले. हिरवळ पाहून आपल्याला आनंद होतो. पण येथे ती वाढते आहे, कारण पृथ्वी तापते आहे. पूर्वी असे बदल व्हायला फार मोठा काळ लागे. आता ते एका माणसाच्या आयुष्यात होत आहेत. तिकडचा बर्फ वितळला, तर आपल्या कोकणातल्या किनाऱ्यावरही समुद्र चढेल.

मुलांनो, दगड मुका असतो, पण नीट पाहणाऱ्याशी तो बोलतो. विल्सन यांनी तो शेवटपर्यंत जपला, म्हणून आपल्याला ही हकिकत कळली. आता तेथले इवलेसे गवतही आपल्याला काही सांगत आहे. ते आपण वेळेवर ऐकले पाहिजे.