टाळीवर जगणारा उजेड

श्रोतेहो, परी म्हटलं की पंख, झगा आणि हातात चांदणीची काठी असं चित्र आपल्या डोळ्यांपुढे येतं. आज मला बोलायचं आहे ते एका वेगळ्या परीबद्दल. रंगभूमीवर ती पहिल्यांदा आली तेव्हा तिला अंगच नव्हतं. ती होती उजेडाचा एक ठिपका.

२७ डिसेंबर १९०४ रोजी लंडनच्या ड्यूक ऑफ यॉर्क्स थिएटरमध्ये जे. एम. बॅरी यांच्या ‘पीटर पॅन’ या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. कधीच मोठा न होणारा मुलगा पीटर आणि त्याचा नेव्हरलँड नावाचा अद्भुत मुलूख यांची ही गोष्ट. पीटरची सोबतीण म्हणजे टिंकर बेल. तिच्यासाठी कुणी नटी उभी राहत नसे. आरशातून पाडलेला एक कवडसा रंगमंचावर इकडून तिकडे धावत असे. ती बोलली की घंटा किणकिणायची. तिची भाषा पीटरला कळे आणि तोच ती इतरांना समजावून सांगे.

तिचं नावही साधंच आहे. टिंकर म्हणजे फुटकी भांडी सांधणारा, आपल्या कल्हईवाल्याच्या बिरादरीतला. पऱ्यांच्या राज्यात ती हेच काम करते.

बॅरींनी १९११ मध्ये याच गोष्टीची कादंबरी केली. तिच्यात ते सांगतात, की पऱ्या इतक्या लहान असतात की त्यांच्यात एका वेळी एकाच भावनेला जागा असते. राग आला की सगळा रागच, माया आली की सगळी मायाच. मुसलमान घरातल्या मुलांना सांगतात, की फरिश्ते नूरपासून, म्हणजे प्रकाशापासून घडले. फरिश्त्यांना हेवा नाही, हाव नाही. हुकूम आला की तो पाळायचा. बॅरींचा उजेड मात्र तसा पवित्र नाही. वेंडी नावाची मुलगी नेव्हरलँडला येते, तेव्हा टिंकर बेल मत्सराने पेटते आणि तिथल्या पोरांना खोटंच सांगून वेंडीवर बाण सोडायला लावते. वेंडी थोडक्यात वाचते.

पुढे हूक नावाचा चाचा पीटरच्या औषधात विष कालवतो. पीटरने ते पिऊ नये म्हणून हीच टिंकर बेल ते स्वतः पिऊन टाकते. तिचा उजेड मंदावू लागतो. मग पीटर प्रेक्षकांकडे वळून विनवतो, की पऱ्यांवर तुमचा विश्वास असेल तर टाळ्या वाजवा. पहिल्या प्रयोगाला बॅरींच्या मनात धाकधूक होती. सभागृह गप्प राहिलं तर? म्हणून, प्रेक्षक गप्प राहिले तर वाद्यं खाली ठेवून टाळ्या वाजवा, असं त्यांनी वादकांना सांगून ठेवलं होतं. तशी वेळ आली नाही. टाळ्या पडल्या, उजेड पुन्हा तेजाळला.

मला या प्रसंगाची दोन अंगं महत्त्वाची वाटतात. एक म्हणजे, टाळी वाजवणाऱ्यांना तिची आगळीक ठाऊक असते. कुणी जगावं एवढं म्हणण्यासाठी त्याच्या चारित्र्याचा दाखला मागायचा नसतो, हे त्या सभागृहातल्या पोरांना न शिकवता कळतं.

दुसरं अधिक कठोर आहे. बॅरींच्या जगात एखादं मूल ‘पऱ्या नसतातच’ असं म्हणालं, की कुठे तरी एक परी मरून पडते. बोलणाऱ्या मुलाला त्याचा पत्ताही नसतो. आपणही चहा पिता पिता किती सहज बोलून जातो, ‘कविता आता कोण वाचतं’, ‘ही बोली आता कोण बोलतं’, ‘ती माणसं आपली कुठे’. शब्द उच्चारून आपण पेला खाली ठेवतो. कुठे काय विझलं, ते आपल्याला दिसत नाही.

कादंबरीच्या शेवटी वर्षभराने वेंडी पीटरला टिंकर बेलबद्दल विचारते, तेव्हा त्याला तिचं नावही आठवत नाही. अशा खूप असतात, असेल मेली, एवढंच तो म्हणतो. जिने त्याच्यासाठी विष घेतलं, तिला तोच विसरला! एका रात्रीची टाळी आयुष्यभर पुरत नाही, असा याचा अर्थ मी घेतो. ती पुन्हा पुन्हा द्यावी लागते.

बॅरी स्वतः मात्र विसरले नाहीत. १९२९ मध्ये त्यांनी ‘पीटर पॅन’चे हक्क लंडनच्या ग्रेट ऑर्मंड स्ट्रीट या मुलांच्या रुग्णालयाला देऊन टाकले. हक्कांची मुदत संपल्यावर १९८८ मध्ये ब्रिटिश संसदेने कायदा करून ब्रिटनमधलं मानधन त्या रुग्णालयाला कायमचं मिळेल अशी तरतूद केली. नाटकातल्या टाळ्या अशा रीतीने खऱ्या, आजारी मुलांच्या उशापर्यंत पोचल्या.

श्रोतेहो, नभोवाणीवर बोलणाऱ्याला तुमची टाळी ऐकू येत नाही. तरी कुणीतरी ऐकत आहे, एवढ्या विश्वासावर तो बोलत राहतो. तुमच्या आसपास असा एखादा मंद होत चाललेला उजेड असेल, तर त्याला तुमच्या टाळ्या ऐकू येतील एवढ्या जवळ जा.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)