आखूड दांड्याची कुदळ



अमेरिका म्हटले की आपल्या घरांत संगणक क्षेत्रातील भरघोस पगार आठवतो. त्याच सिलिकॉन व्हॅलीपासून मोटारीने तासा-दीड तासाच्या अंतरावर सालिनासचे खोरे आहे. तेथील भाजीपाला काढणारे हात प्रामुख्याने मेक्सिकन वंशाच्या मजुरांचे, म्हणजेच ज्यांना अमेरिकेत ‘हिस्पॅनिक’ म्हणतात त्यांचे आहेत.

या मजुरांच्या हाती एकेकाळी आखूड दांड्याची कुदळ दिली जाई. दिवसभर कमरेत वाकून काम करायचे आणि पाठीचे कायमचे दुखणे घेऊन घरी जायचे! लांब दांडा का देत नसत? ताठ उभा राहिलेला मजूर मुकादमाला दुरूनच दिसावा, म्हणून. १९७५ साली कॅलिफोर्नियात या अवजारावर बंदी आली.

ही विषमता आळसातून वा अज्ञानातून आलेली नाही. १९३५ च्या कायद्याने अमेरिकन कामगारांना संघटनेचा हक्क दिला, १९३८ च्या कायद्याने किमान वेतन व जादा कामाचा वाढीव मोबदला दिला. दोन्हींतून शेतमजूर वगळले गेले. पुढे १९६६ मध्ये अनेक शेतमजुरांना किमान वेतन लागू झाले. पण जादा कामाचा वाढीव मोबदला केंद्रीय कायद्याने आजही दिलेला नाही. १९४२ ते १९६४ या काळात ‘ब्रासेरो’ योजनेखाली मेक्सिकोतून मजूर नेण्यात आले. आरंभीच्या वर्षांत त्यांच्या मजुरीतून दहा टक्के रक्कम बचत म्हणून कापली जाई. कित्येकांना ती कधीच मिळाली नाही.

१९६५ साली डेलानोच्या द्राक्षमळ्यांत फिलिपिनो मजुरांनी संप पुकारला. थोड्याच दिवसांत मेक्सिकन मजूर त्यांच्या खांद्याला खांदा लावून उभे राहिले. महात्मा गांधींच्या अहिंसक मार्गापासून प्रेरणा घेतलेल्या या लढ्यात दूरदूरच्या शहरांतील गृहिणींनी द्राक्षे घेणे थांबवले. अखेर १९७० मध्ये मळेवाल्यांना करार करावे लागले.

तरीही अंतर मिटलेले नाही. २०२३ साली पूर्णवेळ काम करणाऱ्या हिस्पॅनिक कामगारांची मध्यम साप्ताहिक मिळकत गोऱ्या कामगारांच्या सुमारे तीन-चतुर्थांश होती.

डेलानोचा विजय एकट्या मजुरांचा नव्हता. ज्यांचे त्यात काहीच अडले नव्हते, त्या कुटुंबांचाही होता. परदेशी असलेल्या आपल्या मुलाबाळांशी बोलताना पगाराबरोबर एवढेही विचारावे, की तुमच्या ताटातली भाजी कोणी काढली आणि त्याला काय मिळाले?