सीमेवरील पहिली भेट

चंडीगढ हे नगर एका रेषेमुळे जन्मास आले. १९४७ साली लाहोर पाकिस्तानात गेले, पूर्व पंजाबला राजधानी उरली नाही, म्हणून शिवालिक टेकड्यांच्या पायथ्याशी हे नवे शहर वसविण्यात आले. तेथील संग्रहालयातील गांधार शिल्पेदेखील लाहोरच्या संग्रहाच्या वाटणीतून आलेली. शेकडा साठ वस्तू तिकडे राहिल्या, चाळीस इकडे आल्या. अशा नगरात ‘क्रॅश लँडिंग ऑन यू’ या कोरियन मालिकेचा पहिला भाग पाहणाऱ्यास ती प्रेमकथा फारशी परकी वाटू नये.

हा भाग दक्षिण कोरियात १४ डिसेंबर २०१९ रोजी प्रक्षेपित झाला. धनाढ्य घराण्यातील युन से-री पॅराग्लायडरने विहार करीत असता वावटळीत सापडते आणि सीमेपलीकडे एका झाडाला लटकून राहते. खाली उत्तरेचा कप्तान री जंग-ह्योक बंदूक रोखून उभा! वाऱ्याची ही युक्ती कोणास पोरकट वाटेल. परंतु १९५३ च्या युद्धविरामापासून त्या दोन देशांमध्ये सुमारे चार किलोमीटर रुंदीचा निर्लष्करी पट्टा आहे. (त्या वेळी युद्धकैद्यांची देखरेख करण्यास गेलेल्या भारतीय दलाचे नेतृत्व मेजर जनरल थोरात या मराठी सेनानीकडे होते.) तो पट्टा ओलांडण्यास सामान्य नागरिकापाशी वाऱ्याखेरीज दुसरे साधन ते कोणते?

लवकरच कप्तानाचा पाय सुरुंगावर पडतो. शस्त्रधारी जागीच खिळतो आणि निःशस्त्र तरुणी मोकळी होते. लेखिका पार्क जी-उन यांचे खरे कौशल्य येथे आहे. शिवाय या दोघांमध्ये दुभाष्याची गरज पडत नाही. शत्रूचा शब्दन् शब्द कळतो. केवळ बोलण्याची ढब आणि काही शब्द निराळे. पडद्याच्या तळाशी उमटणाऱ्या अनुवादात हा फरक बहुतांशी पुसला जातो, ही मोठीच हानी होय. चंडीगढच्या वृद्ध पंजाबी प्रेक्षकास मात्र तो सांगावा लागत नाही. लाहोर आणि अमृतसर यांची बोली एक, लिपी तेवढी दोन: तिकडे शाहमुखी, इकडे गुरुमुखी.

कप्तान तिला दक्षिणेची वाट सांगतो. ती भलतीच वाट धरते आणि रात्रभर चालून उत्तरेच्याच खेड्यात येऊन पोहोचते. समोरून लष्करी मोटार येत असते. तोच कोणीतरी तिला फाटकाआड ओढून घेते. तो कप्तानच असतो.